आजी, हात खाली! (डब्लिनमध्ये रिव्हरडान्स)

डब्लिनला पोचून आठवडापण झाला नव्हता आणि नातीचा ओरडा खाल्ला. ती सात वर्षांची, दर शनिवारी आयरिश डान्सच्या क्लासला जाते (लेकीनेच घातलंय, म्हणे इथे राहतोय तर इथलंही काहीतरी यायला हवं), आणि किचनच्या फरशीवर तिची प्रॅक्टिस चालली होती. मी सिंकपाशी भेंडी धूत होते, तिचं एक-दोन-तीन ऐकून माझे पण पाय आपोआप पडायला लागले. मी लहानपणी डोंबिवलीत नऊ वर्षं कथक शिकलेय, मग लग्न, नोकरी, गुडघे, सगळ्यांचं होतं तेच. पण सवय जात नाही. पाय हलले म्हणजे हात उठणारच ना! तर ही थांबली, कमरेवर हात ठेवून माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "आजी, हात! हात खाली. टीचर ओरडते."

खरंच तिचे हात अंगाला चिकटवल्यासारखे, मुठी मिटलेल्या, मान ताठ. कमरेच्या वर शाळेच्या प्रार्थनेला उभी आहे असं वाटावं आणि खाली मात्र नुसती धमाल. मला काय ते पटेना. आम्हाला पहिल्या वर्षीच घोकायला लावलेलं की जिथे हात तिथे नजर, जिथे नजर तिथे मन. मग जावईबापूंनी रिव्हरडान्स ह्या आयरिश नाचाच्या प्रसिद्ध शोची तिकिटं काढली तेव्हा माझ्या डोक्यात एकच, की हातांशिवाय दोन तास बघायचं तरी काय?

आदल्या रात्री जावयाने मला गृहपाठ म्हणून १९९४ चा मूळ व्हिडिओ दाखवला. त्याची गंमत अशी की हा शो म्हणून जन्मलाच नाही. युरोव्हिजन म्हणून युरोपातली गाण्यांची मोठी स्पर्धा असते, जिंकणाऱ्या देशाने पुढच्या वर्षी ती भरवायची, आणि आयर्लंड तेव्हा लागोपाठ जिंकत सुटलेलं, ९२, ९३, आणि त्या रात्री ९४ पण. तर ३० एप्रिल १९९४ ला डब्लिनच्या पॉइंट थिएटरमध्ये सगळी गाणी झाल्यावर मतमोजणी होईपर्यंत लोकांना धरून ठेवायला सात मिनिटांचं काहीतरी हवं होतं. फिलर हो, दुसरं काय! मोया डोहर्टी ही निर्माती, बिल व्हेलनचं संगीत, आधी अनुना नावाच्या ग्रुपचं कोरस गाणं अगदी धुक्यातून आल्यासारखं, मग जीन बटलर अलगद पावलांनी येते आणि मग ढोल सुरू होतात आणि मायकल फ्लॅटली निळा झुळझुळीत शर्ट घालून स्टेजवर अक्षरशः उडत येतो. आणि त्याचे हात? उघडे! पसरलेले! मी नातीकडे बघितलं. ती म्हणाली, "तो मोठा आहे."

शेवटी एक लांबच लांब ओळ उभी राहते, सगळ्यांचे पाय एका ठोक्यावर, आणि सात मिनिटं संपतात तेव्हा अख्खं थिएटर उभं. त्या वर्षी कोण जिंकलं ते इथे पण लोकांना आठवून सांगावं लागतं, हे मात्र सगळ्यांना आठवतं. नऊ-दहा महिन्यांत त्याचा पूर्ण शो झाला, ९ फेब्रुवारी १९९५ ला, त्याच थिएटरमध्ये, दिग्दर्शक जॉन मॅकोल्गन. फ्लॅटली त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये भांडून बाहेर पडला, त्याच्या जागी कॉलिन डन आला, आणि फ्लॅटलीने ९६ मध्ये स्वतःचा वेगळा शो काढला. नाटक कंपन्या फुटायच्या तसंच की हे. आणि अजून एक, फ्लॅटली आणि जीन बटलर हे दोघं आयर्लंडचा नाच जगाला दाखवणारे जन्मले कुठे, तर तो शिकागोला आणि ती न्यूयॉर्कला. घर सोडून गेलेल्यांच्या पोरांनी घरचं जपायचं ही गोष्ट आपल्याला काही नवीन नाही, बाहेरच्या महाराष्ट्र मंडळांत ढोल-ताशा पथकं बघा.

आमचा शो होता गेइटी थिएटरला, ग्राफ्टन स्ट्रीटच्या शेवटाला, स्टीफन्स ग्रीन बागेच्या जवळ. १८७१ चं, आत लाल-सोनेरी, नक्षी, बाल्कन्यांवर बाल्कन्या. उन्हाळ्यात रिव्हरडान्स इथे मुक्कामालाच असतो. आमची सीट सगळ्यात वरच्या मजल्यावर कारण चौघांची तिकिटं आणि युरोला शंभरने गुणायची माझी सवय. जिने चढताना मी मनात जावयाला काय काय बोलले ते इथे लिहीत नाही. पण सांगते, पुढच्या वेळी फुकट पुढची सीट दिली तरी मी वरच बसेन, कारण वरून पाय दिसतात. नुसते एकेकाचे नाही, सगळ्यांचे मिळून जमिनीवर काय तयार होतंय ते दिसतं. ओळ फुटते, दोन होतात, एकमेकींतून आरपार जातात, गोल होतो, परत ओळ. हातांनी जे आपण हवेत काढतो ते ही मंडळी जमिनीवर काढतात. हे खाली पहिल्या रांगेत बसून दिसलं असतं का, मला नाही वाटत.

आता तालाचं सांगते, कारण मला सगळ्यात मजा तिथे आली. रील म्हणजे चाराचा, आपला केरवा धरून चला. जिग सहाचा, दादरा. आणि स्लिप जिग म्हणून एक असतो तो नवाचा, तीन-तीन-तीन, म्हणजे दादऱ्याला अजून तीन मात्रांचं शेपूट लावायचं, त्याने तो असा लांबतो आणि तरंगतो. हा मुलींचा, मऊ बुटांतला, आवाज जवळजवळ नाहीच. आणि कडक बूट वेगळे, त्यांच्या टोकाला आणि टाचेला फायबरग्लास असतं, ते वाजायला लागले की छातीत धडधडतं. आपल्याकडे आवाज घुंगरांचा, पाय अनवाणी. इथे पायच ढोल.

एक आयटम आहे थंडरस्टॉर्म, नुसते पुरुष, संगीत पूर्ण बंद. अंधारातून येतात आणि फक्त पाय. मी डोळे मिटून घेतले एवढे पैसे देऊन! कथकात तत्कार (पायांचे बोल) ऐकताना लेहरा (सोबतची धून) बंद केला तर कसं वाटेल तसं. आणि कुठेतरी शेवटी तीनदा तेच आलं आणि सगळे धाडकन थांबले, आता त्यांच्याकडे तिहाई नसते मला माहितीये पण माझ्या तोंडून "वाह" गेलंच, समोरच्या बाईने वळून बघितलं.

दुसऱ्या भागात देश सोडून अमेरिकेला जाणाऱ्यांची गोष्ट आहे, तिथे गेल्यावर रस्त्यावर अमेरिकन टॅप डान्सवाले भेटतात आणि दोन्ही पार्ट्यांत चक्क सवाल-जवाब! आयरिश पोरं ताठ, टॅपवाले ढिले, कंबर-खांदे सगळं हलतंय, एकमेकांची टिंगल करतायत, नक्कल करतायत. अख्खा शो एकीकडे आणि हे एकीकडे. एक फ्लेमेंको करणारी पण येते लाल कपड्यांत, तिच्या हातांकडे बघून मला माहेरचं माणूस भेटल्यासारखं झालं. निवेदन मात्र मला जड गेलं, सूर्य, नदी, धरती, आदिम वगैरे, भारदस्त आवाजात. नाच चालू असताना ते सांगायची गरजच काय. मधल्या एक-दोन गाण्यांत मी जांभई पण दिली.

इंटरव्हलला शेजारच्या आजी (माझ्याच वयाच्या, मीच कोण म्हणते आजी!) गप्पा मारायला लागल्या. कुठून आलात विचारलं, म्हटलं मुंबईकडून, तर लगेच म्हणाल्या, "अच्छा, वराडकर!" लिओ वराडकरांच्या वडिलांचं गाव मालवण तालुक्यातलं वराड, आणि आमचे जावई मालवणचे, २०१७ मध्ये वराडकर इथले पंतप्रधान झाल्यापासून जावयांची छाती जी फुगलीये ती अजून उतरलेली नाही. मग त्या बाई सांगत होत्या की लहानपणी स्पर्धेच्या आदल्या रात्री केसांना चिंध्या बांधून झोपायचं कुरळे व्हायला, आता मुली सरळ विग लावतात. हॉलमध्ये परीक्षक बसणार, गुण, पदकं, आणि हात हलला की गुण गेले. मला आपलं शाळेतलं लेझीम आठवलं. सगळ्यांनी केलेलं, सगळ्यांना येणारं, आणि कोणाला वाटलं नसेल की ह्याच्यासाठी कोणी तिकीट काढेल.

हात का बांधलेले ह्याच्या गोष्टी मात्र भरपूर. एक अशी की इंग्रज शिपायांना अर्ध्या दारावरून नाच कळू नये म्हणून. ऐकायला छान आहे, पण मला नाही पटत, धडधड आवाज कसा लपवणार बाबा? मला वाटतं शिस्त हेच कारण असावं. पूर्वी गावोगाव फिरणारे नाचमास्तर असायचे, ते म्हणे शिकणाऱ्याच्या एका पायाला गवताची दोरी आणि दुसऱ्याला काटकीची बांधायचे, म्हणजे डावा-उजवा न म्हणता गवत-काटकी म्हणत शिकवायचं. पुढे १८९३ ला गेलिक लीग निघाली, भाषा आणि संस्कृती जपायची चळवळ, तिने नाचाला राष्ट्रीय करून टाकलं, मग स्पर्धा, नियम, नाचावर देखरेख ठेवणारं कमिशन. आणि १९३५ मध्ये सार्वजनिक नाचाला लायसन्स लागेल असा कायदा आला, पाद्रीबाबांना तो हवाच होता, घरोघरी आणि चौकात होणारे नाच पण त्यात भरडले गेले. एवढं सगळं झाल्यावर हात उरतील कुठून.

बाहेर पडलो तेव्हा दहा वाजत आलेले आणि लख्ख संधिप्रकाश. नात ग्राफ्टन स्ट्रीटभर नाचत चालली होती, हात अर्थातच खाली.

रविवारी मी हट्टाने त्या पॉइंट थिएटरला जाऊन आले, ट्रामच्या रेड लाइनचं शेवटचं स्टेशन. ते मूळचं रेल्वेचं गोदाम, १८७८ चं, आता आतून सगळं नवीन आणि नाव पण बदललेलं, थ्री अरेना. जुन्या दगडी भिंतीचा फोटो काढला, समोर लिफी नदी वाहतेय, वारा असा की शाल उडून चालली. बघण्यासारखं खरं काही नाही. पण मी बघितलं.

त्याच ट्रामने परत उलटं स्मिथफील्डला, तिथे कॉबलस्टोन नावाचा पब आहे. मी पबात! पण तिथे लोक संगीतासाठीच येतात, वाजवणारे कोपऱ्यात गोल करून बसतात, स्टेज नाही, माइक नाही. त्याच्या वर आणि आजूबाजूला हॉटेल येणार म्हणून २०२१ मध्ये लोक रस्त्यावर उतरले होते आणि ती परवानगी नाकारली गेली. एक फिडल, एक बासरीवाली, आणि इलियन पाइप्स म्हणजे इथले बॅगपाइप, ते तोंडाने फुंकत नाहीत, कोपराने भाता दाबतात. मी लिंबू सोडा, नात माझ्या मांडीवर.

तासाभराने एक सत्तरीचे आजोबा उठले. साधा स्वेटर, साधे बूट. मध्ये जेमतेम चटईएवढी जागा, आणि त्यांनी सुरू केलं. उड्या नाहीत, पाय जमिनीला धरून, खुडखुड खुडखुड, गालात हसतायत, आणि हात मोकळे सोडलेले, मनाला येईल तसे उडतायत, एकदा तर टाळी पण वाजवली. जावई कानात म्हणाले, हे शॉन-नोस, पश्चिमेकडचं, कॉनेमारात करतात, जुनी पद्धत.

मी काही बोलायच्या आत नात माझ्या कानाशी आली, डोळे मोठ्ठे करून.

"आजी, ह्यांचे हात बघ! ह्यांना टीचरच नाहीये का?"