खरबूज संपल्यानंतरचं युबारी

जपानमध्ये साप्पोरोला भाचीकडे दहा दिवस होतो. चौथ्या दिवशी तिनं विचारलं, "मामा, आता काय बघायचंय?" मी म्हटलं, "युबारी." तिनं हातातला कप खाली ठेवला. "तिथे आता काहीच नाहीये. खरबुजंसुद्धा संपली असतील." ऑक्टोबर लागला होता, म्हणजे तिचं खरंच होतं. युबारीचं खरबूज म्हणजे जपानचा हापूस. ते उन्हाळ्यातलं फळ, आता तिथे जाणं म्हणजे दिवाळीत रत्नागिरीला आंबे खायला जाणं.

पण मला खरबूज खायचं नव्हतं. माझी सगळी नोकरी एका नगरपालिकेच्या लेखा विभागात झाली. २००७ साली जपानमधली ही युबारीची नगरपालिका दिवाळखोरीत निघाल्याची बातमी वाचली, तेव्हा ऑफिसात दोन दिवस दुसरा विषय नव्हता. नगरपालिका बुडते म्हणजे नेमकं काय होतं? पगार थांबतात? जप्ती आणतात ती कशावर, कचरागाडीवर? तेव्हा कुणालाच सांगता आलं नव्हतं. म्हटलं, इतक्या जवळ आलोय तर बघून येऊ.

साप्पोरोहून एक्सप्रेस गाडी सव्वा तासात शिन-युबारीला सोडते. तिथून गावात जाणारा १६.१ किलोमीटरचा रेल्वेचा फाटा २०१९ साली बंद झाला, त्यामुळे पुढे बस. आम्ही दोघं धरून बसमध्ये सहा जण, आणि त्यांत माझ्याहून लहान एकटी भाचीच. (मी चौसष्टचा.) एकामागून एक थांब्यांची नावं पुकारली जात होती. कुणी चढत नव्हतं, कुणी उतरत नव्हतं, तरी प्रत्येक नाव तितक्याच अदबीनं.

खिडकीतून बघताना गावाची रचना कळत जाते. जिथे खाण, तिथे वस्ती. मग दोन-तीन किलोमीटर नुसतं रान, मग दुसरी खाण, दुसरी वस्ती. ऐन भरात इथे २४ खाणी होत्या. १८८८ मध्ये कोळसा सापडला, १८९२ मध्ये तो वाहून न्यायला रेल्वे आली, आणि १९६० साली लोकसंख्या १ लाख १६ हजारांच्या वर गेली. २०२० च्या जनगणनेत ती ७,३३४ भरली. आता त्याहूनही कमी. क्षेत्रफळ मात्र ७६३ चौरस किलोमीटर. मुंबई शहर आणि उपनगरं मिळून ६०३ होतात. म्हणजे मुंबईहून मोठी हद्द, माणसं एखाद्या मोठ्या सोसायटीतली, आणि पाइपलाइन, पूल, रस्ते, बर्फ काढणं सगळं त्या हद्दीच्या हिशेबात. हे आकडे बघून माझ्या पोटात गोळा आला. सवय, दुसरं काय.

आधी कोळशाच्या संग्रहालयाकडे गेलो. तिथे डोंगराच्या कडेला कोळशाचा थर उघडाच दिसतो. २४ शाकूंचा, म्हणजे साधारण सव्वासात मीटर जाड. दुमजली घराएवढी काळी भिंत. हात लावला तर बोटाला काजळी नाही, थंडगार लागतो. भाचीनं १६ ऑक्टोबर १९८१ ची गोष्ट वाचून दाखवली. युबारीच्या नव्या खाणीत वायू उसळला, आग लागली, ९३ माणसं गेली. आग विझेना, तेव्हा खाणीत पाणी सोडायचं ठरलं, आणि आत अजून माणसं अडकलेली होती. त्यासाठी कंपनीनं घरच्यांकडे संमती मागितली. वाचता वाचता ती थांबली आणि बाटलीतलं पाणी प्यायली. पुढच्या वर्षी ती खाण बंदच झाली. गावातली शेवटची खाण १९९० मध्ये बंद पडली.

तेल स्वस्त झालं, बाहेरचा कोळसा स्वस्त झाला, सरकारनं धोरण बदललं. खाणी गेल्या, पण कंपन्यांनी उभारलेल्या चाळी, दवाखाना, पाणीपुरवठा जागेवरच राहिले. ते पालिकेनं विकत घेतले. इथे मी कपाळावर हात मारला. ज्याला कुणी गिऱ्हाईक नाही, अशी मालमत्ता कर्ज काढून घ्यायची! पण घेतली नसती तर त्या चाळीतल्या माणसांचे नळ कुणी चालवले असते, हाही प्रश्न होताच.

आणि मग पर्यटन. १९७९ ते २००३ एकच महापौर होते, तेत्सुजी नाकाता. 'कोळशाकडून पर्यटनाकडे' ही त्यांची घोषणा. आकाशपाळणा आला, यंत्रमानवांचं संग्रहालय आलं, बर्फावर घसरायचा डोंगर आला, १९९० पासून चित्रपट महोत्सव आला. युबारीचं रेल्वे स्टेशन तर दोनदा हलवलं. १९८५ मध्ये पालिकेजवळ, १९९० मध्ये त्या डोंगराच्या पायथ्याशी. गावाचं स्टेशन उचलून पाहुण्यांच्या दारात नेऊन ठेवलं. ते अजून उभं आहे, चर्चसारख्या टोकदार छपराचं, आणि फलाटावर गवत.

पाहुणे पुरेसे आले नाहीत. मग आला हिशेबातला खेळ, आणि तो मला भाचीहून आधी समजला. त्यांचंही आर्थिक वर्ष ३१ मार्चलाच संपतं, आणि पुढचे दोन महिने जुन्या वर्षाचे व्यवहार पुरे करायला मिळतात. त्या दोन महिन्यांत नव्या वर्षाच्या खात्यातून जुन्या वर्षाच्या खात्यात पैसे वळवायचे, मधली तूट बँकेच्या अल्पमुदतीच्या कर्जानं बुजवायची, की कागदावर ताळेबंद जुळतो. या खिशातलं त्या खिशात. पुढच्या वर्षी खड्डा मोठा, म्हणून कर्ज मोठं. २००६ मध्ये बिंग फुटलं तेव्हा फेडायचा आकडा ३५.३ अब्ज येन होता, आणि गावात माणसं जेमतेम १३ हजार.

जप्ती कचरागाडीवर आली नाही. आली ती बाकी सगळ्यावर. १७१ खाटांचं रुग्णालय १९ खाटांच्या दवाखान्यावर आलं. ग्रंथालय बंद. सार्वजनिक संडास बंद. सगळ्या प्राथमिक शाळा मिळून एक, माध्यमिकही एक. कर वाढले, महापौरांच्या पगारात ७० टक्के कपात, कर्मचाऱ्यांच्या पगारातही. अर्धीअधिक माणसं नोकरी सोडून गेली. परतफेड २०२७ च्या मार्चपर्यंत. आणि झालं काय, तर ज्यांना जाता येत होतं ते आणखी लवकर गेले. कर्ज झालं होतं लाखाच्या गावाच्या नावानं, फेडायला उरले ज्यांना जायला जागा नव्हती ते. शिक्षा करणाऱ्यांनी हा हिशेब मांडला होता की नाही, कोण जाणे.

जेवायला करी सोबा घेतला. खाणकामगारांचं जेवण म्हणून इथे ते अभिमानानं सांगतात. आमटीत जाड शेवया टाकल्यासारखं लागतं. भाचीनं अर्धं ठेवलं, ते मी संपवलं. खरबूज मिळालं ते आइस्क्रीममधूनच. एक मजेची गोष्ट कळली: १७ शेतकऱ्यांनी एकत्र येऊन या खरबुजाचा संघ काढला तो १९६० साली. म्हणजे गाव सगळ्यात भरलेलं होतं, त्याच वर्षी. २०१९ च्या पहिल्या लिलावात दोन खरबुजांना ५० लाख येन आले. आमच्याकडे पहिली पेटी वाशीला पोचते, तेव्हा असंच काहीतरी चालतं.

पण मला खरं बघायचं होतं ते पुढचं. २०११ मध्ये नाओमिची सुझुकी नावाचा तीस वर्षांचा मुलगा महापौर झाला. टोकियोच्या सरकारी नोकरीतून मदतीला म्हणून पाठवलेला. (आता तो सगळ्या होक्काइदो प्रांताचा राज्यपाल आहे.) पालिकेनं २०१२ मध्ये जो आराखडा केला, त्यात माणसं परत येतील असं कुठेही गृहीत धरलेलं नाही. आहेत ती माणसं जवळजवळ कशी आणायची, एवढंच. रेल्वेचंही तसंच. फाटा आज ना उद्या बंद होणार हे ओळखून २०१६ मध्ये महापौर स्वतःच रेल्वेकडे गेले: तुम्ही बंद करा, पण बदल्यात बससाठी पैसे द्या, जमीन द्या, मदतीला माणूस द्या. आमच्याकडे एसटीची एक फेरी रद्द झाली तर रास्ता रोको होतो. इथे नगराध्यक्षच म्हणतो, गाडी काढा, पण हिशेब चुकता करून काढा. मला हे पटायला वेळ लागला. अजून पुरतं पटलंय असंही नाही, कारण रेल्वे गेलेलं गाव नकाशावरही बारीक होतं. पण वाट बघत बसले असते तर गाडीही गेली असती आणि पैसेही मिळाले नसते.

परतताना युबारीतल्याच शिमिझुसावा वस्तीत उतरलो. सगळं हळूहळू इथे आणायचं ठरलंय. 'रिसुता' नावाची नवी इमारत आहे, मार्च २०२० ची. बसची वाट बघायची जागा, सभागृह आणि ग्रंथालय एकाच छपराखाली. १३ वर्षांनी गावाला पुन्हा ग्रंथालय मिळालं. बाकावर एक आजोबा मासिक चाळत होते. भाचीनं नमस्कार केला आणि बोलणं सुरू झालं. ते खाणीतले. 'मायाची' नावाच्या वस्तीत चारमजली इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहायचे. जिन्याला दोन्ही बाजूंनी घरं, पण राहणारे ते एकटेच. जिन्यातला दिवा एकट्यासाठी, दारातलं बर्फ एकट्यासाठी, पाण्याचा पाइप गोठला तर तोही एकट्याचाच. पालिकेची माणसं आली, म्हणाली, शेजारच्या इमारतीत तळमजल्यावर या, सगळे तिथेच गोळा होताहेत. "उन्हाळ्यात विचारलं तेव्हा नको म्हणालो. हिवाळ्यात विचारलं तेव्हा हो म्हणालो."

"आता बरं वाटतं का?" मी भाचीला विचारायला लावलं.

त्यांनी जरा विचार केला. भिंतीपलीकडून टीव्हीचा आवाज येतो, म्हणाले. शेजारीण मोठ्यानं लावते. आठ वर्षांनी ऐकला असा आवाज. तक्रार आहे की कौतुक, ते भाचीलाही कळलं नाही.

मी त्यांना सांगितलं, आमचा रत्नागिरी जिल्हाही असाच. २००१ मध्ये १६ लाख ९६ हजार होते, २०११ मध्ये १६ लाख १५ हजार झाले. गावात आमचं घर आहे, कुलूप आहे, लाइटबिल दर महिन्याला भरतो, परसातला फणस शेजारी काढून नेतात. भाचीनं 'फणस' कसा सांगितला देव जाणे, पण आजोबांनी मान डोलावली.

बस आली. उठता उठता त्यांनी विचारलं, "तुमच्या वाडीत आता राहतात किती जण?"

भाचीनं माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "गणपतीत की एरवी, ते विचार."