स्टॉपरची सही

कोल्हापुरात फुटबॉल खेळणाऱ्या प्रत्येकाला फॉरवर्ड व्हायचं असतं. शाहू स्टेडियमवर पाटाकडील-दिलबहार किंवा शिवाजी-खंडोबा अशी काटाकिर्र मॅच असली की गॅलरी ज्याच्या नावानं ओरडते तो गोल मारणाराच असतो. स्टॉपरचं, म्हणजे गोलसमोर बचावाच्या मधोमध खेळणाऱ्याचं, नाव कधी निघतं? त्याच्या पायातनं बॉल सुटला की. मग त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार होतो आणि गडी आठवडाभर पेठेत तोंड लपवून फिरतो.

मी स्टॉपर आहे. सध्या दक्षिणेतल्या एका क्लबकडून पगारावर खेळते. गावी आले की मैदानावरच्या पोरी, आणि पोरींपेक्षा जास्त त्यांचे आईवडील, विचारतात की हे जमलं कसं. प्रत्येकाला तेच सांगून घसा बसला, म्हणून ट्रायलपासून सही होईपर्यंत काय काय झालं ते लिहून काढतेय.

आधीचं थोडक्यात. शाळेत मी विंगला, म्हणजे पुढं कडेनं, खेळायचे. नववीत सरांनी मला मागं घेतलं. कारण विचारलं तर म्हणाले, "एक तर तुला उंची आहे, आणि दुसरं म्हणजे तुझं तोंड बंद होत नाही." दुसरं कारण त्यांनी चेष्टेत सांगितलं असं मी बरीच वर्षं धरून चालले होते. पुढं सुब्रतो कपच्या शालेय स्पर्धा, जिल्हा, शिवाजी विद्यापीठ, राज्याचं शिबिर, ही नेहमीची वाट. २०१९ मध्ये एफसी कोल्हापूर सिटीच्या मुली इंडियन वुमन्स लीगसाठी, म्हणजे देशातल्या महिला क्लबांच्या मुख्य लीगसाठी, लुधियानाला जाऊन खेळल्या. तोवर मला वाटायचं की फुटबॉलचा शेवट म्हणजे पाच टक्के क्रीडा आरक्षणातली नोकरी. आईला अजूनही तसंच वाटतं. "रेल्वेत लागलीस की सुटलो," हे तिचं पालुपद.

ट्रायलआधी एक किस्सा सांगायलाच हवा. एका क्लबच्या माणसाचा फोन आला. निवड जवळपास झालीच आहे, फक्त किट, राहणं आणि नोंदणी मिळून अमुक रक्कम आधी भरा. पप्पा तयार होते. सरांनी एकच वाक्य ऐकवलं, "जो क्लब पगार देणार आहे तो आधी तुझ्याकडनं पैसे कशाला मागंल?" आम्ही लीगमधल्या क्लबांची यादी पाहिली, राज्य संघटनेत विचारलं. त्या क्लबचं नाव कुठंच नव्हतं. त्यानंतर त्या माणसाचा फोन मी उचलला नाही. ट्रायलला जाण्यायेण्याचा खर्च आपला असतो, ते ठीक आहे. त्यापलीकडं कुणी हात पसरला तर मी तिथूनच राम राम करते.

खरी ट्रायल बेंगळुरूला होती. कावळा नाक्यावरनं रात्रीची बस, सोबत पप्पा, डब्यात आईनं दिलेल्या धपाट्या. पहिल्या दिवशी दम बघणारी पळण्याची यो-यो टेस्ट, तीस मीटरचा स्प्रिंट आणि नंतर सात-सात जणींच्या छोट्या मॅच. छोट्या मैदानावर स्टॉपरचं काहीच दिसत नाही. ऑफसाइड नाही (पास सुटताना समोरच्या बचावाच्या पलीकडं उभ्या फॉरवर्डला तो बॉल घेता येत नाही, तो नियम), बचावाची लाइन नाही, हेड मारायला वरनं येणारा बॉल नाही. फॉरवर्ड पोरी मात्र सुटलेल्या. कुणी कुणाला पास देईना, जी ती तिघींना चकवून चौथीवर आदळतेय. मी दिवसभर सोपे पास दिले आणि माझ्या अंगावर आलेल्या पोरीला बाहेर ढकलत राहिले. रात्री लॉजवर पप्पांनी विचारलं, "आज तुझं काय झालं?" काही झालंच नव्हतं, तर सांगणार काय! ट्रायल घेणाऱ्यांनी बचावाच्या खेळाडूंना पहिल्याच दिवशी अकरा-अकरात बघायला हवं, हे माझं स्पष्ट मत आहे. बऱ्याच चांगल्या पोरी त्या छोट्या मैदानावरच गळतात.

दुसऱ्या दिवशी पूर्ण मैदान मिळालं. माझ्या शेजारी मणिपूरची एक मुलगी. तिला मराठी येत नाही, मला मैतेई येत नाही आणि हिंदी दोघींचीही मोडकी. शिट्टी व्हायच्या आधी मी तिला बाजूला घेतलं आणि चार हाका ठरवल्या. 'स्टेप' म्हणजे सगळ्यांनी एकदम पुढं, 'ड्रॉप' म्हणजे मागं, 'होल्ड' म्हणजे आहे तिथं थांब, आणि 'माइन' म्हणजे बॉल माझा, तू माझ्या मागं ये. आमच्या दोन्ही बाजूंच्या फुलबॅकना, म्हणजे कडेला बचाव करणाऱ्या पोरींनाही तेच सांगितलं.

समोरची उजवी विंगर विजेसारखी होती. अशा पोरीवर झडप घालायची नसते. सरांची शिकवण अशी की बॉल बघू नको, कंबर बघ. पाय फसवतात, कंबर फसवत नाही. अंग तिरकं ठेवायचं, हातभर अंतर राखायचं, तिला टचलाइनच्या बाजूला वाट द्यायची आणि पळू द्यायचं. कडेला गेली की तिच्याकडं एकच पर्याय उरतो, आणि तो आपल्याला माहीत असतो. आमच्या फुलबॅकला मी सारखी ओरडून हेच सांगत होते. पहिल्या हाफमध्ये त्या विंगरनं बरेच क्रॉस, म्हणजे कडेनं गोलसमोर येणारे बॉल, टाकले, पण सगळे लांबून. लांबून आलेला क्रॉस म्हणजे स्टॉपरची मेजवानी.

ज्या क्षणामुळं माझी निवड झाली असं मला वाटतं तो दुसऱ्या हाफमधला. त्यांच्या मिडफिल्डरकडं बॉल आला, पण तिचा पहिला टच लांब गेला आणि तो सावरायला तिनं मान खाली घातली. मान खाली असलेली खेळाडू पुढचा पास देऊ शकत नाही; सेकंद-दोन सेकंदांची सवड असते. मी "स्टेप!" म्हणून ओरडले आणि चौघी एका रेषेत चार-पाच पावलं पुढं आलो. तिनं मान वर करून पास दिला तेव्हा त्यांची फॉरवर्ड आमच्या पाठीमागं एकटी उभी होती. लाइन्समनचा झेंडा वर. बघणाऱ्याला वाटावं, काहीच घडलं नाही. पण कडेला उभ्या असलेल्या कोच मॅडमनी शेजारच्याला विचारलेलं मला ऐकू आलं, "ती हाक कुणाची?"

तोंड बंद होत नाही, हा गुण म्हणून कामाला आला तो असा.

आठवड्याभरानं फोन आला. आधी मेडिकल, मग कागद. हा क्रम का, ते नंतर कळलं. फिफाच्या नियमाप्रमाणं करार एकदा झाला की तो मेडिकल पास होण्यावर अवलंबून ठेवता येत नाही. म्हणून शहाणा क्लब सही करण्याआधीच तपासून घेतो. ईसीजी, इको, गुडघे, घोटे सगळं बरं निघालं. हिमोग्लोबिन मात्र कमी. डॉक्टरांनी लोहाच्या गोळ्या दिल्या आणि वर सांगितलं की गोळी चहासोबत नको, लिंबूपाण्यासोबत घ्या. दिवसाला चार कप चहा पिणाऱ्या घरात हा मोठाच बदल होता. प्रॅक्टिसमध्ये शेवटच्या वीस मिनिटांत पाय जड व्हायचे ते कशानं, याचाही तेव्हाच उलगडा झाला. खेळणाऱ्या पोरींनी वर्षातनं एकदा तरी हे तपासून घ्यावं. खर्च फार नाही.

मग करार आला, इंग्रजीत, मोबाइलवर. बिनखांबी गणेश मंदिराजवळच्या झेरॉक्सच्या दुकानातनं प्रिंट काढून आणली आणि रविवारी वकीलमामाला जेवायला बोलावलं. मामाचा फुटबॉलशी संबंध गॅलरीपुरता, पण कागद वाचावा तर त्यानंच. तांबडा-पांढरा झाल्यावर चष्मा चढवून तो बसला.

सगळ्यात आधी त्यानं पगाराच्या ओळीखाली रेघ मारली. महिन्याचा आकडा होता, पण कोणत्या महिन्यापासून कोणत्या महिन्यापर्यंत, ते मोघम. खरी मेख इथं असते. लीग चालते चार-पाच महिने. काही क्लब तेवढ्याच महिन्यांचे पैसे देतात आणि बाकी वर्ष खेळाडू घरी बसून स्वतःच्या खर्चानं फिटनेस राखते. २०२३ मध्ये अखिल भारतीय फुटबॉल महासंघानं असं ठरवलं की इंडियन वुमन्स लीगमधल्या क्लबांनी किमान १० भारतीय खेळाडूंना वर्षाला किमान ३.२ लाख रुपयांचे करार द्यावेत. मामानं विचारलं, "त्या दहात तू आहेस का?" मी क्लबला फोन करून तेच विचारलं. आहे, म्हणाले. "मग तारखा घालून द्या म्हणावं." दिल्या.

पगार थकला तर काय, हा मामाचा पुढचा प्रश्न. फिफाच्या नियमांत दोन महिन्यांचा पगार थकला तर खेळाडूनं लेखी नोटीस द्यायची, क्लबला किमान १५ दिवसांची मुदत द्यायची आणि तरीही पैसे आले नाहीत तर करार सोडता येतो. आमच्या करारात त्याच अर्थाचं कलम होतं. मामाला ते एवढं आवडलं की त्यानं मोठ्यानं दोनदा वाचलं.

मुदत हंगामाच्या अखेरीपर्यंतची. त्याहून कमी मुदतीचा करार सहसा होत नाही, आणि जास्तीत जास्त मुदत पाच वर्षांची. अठराच्या आतल्या खेळाडूला तीन.

मध्येच आईनं कागद ओढून घेतला. तिला इंग्रजी सावकाश वाचता येतं आणि तिची नजर नेमकी मॅटर्निटीवर गेली. "हे काय लिहिलंय?" पप्पा चहाचं निमित्त काढून आत गेले. मामानं समजावलं की फिफानं २०२१ पासून हा नियमच केला आहे. किमान १४ आठवड्यांची रजा, त्यातले निदान ८ बाळंतपणानंतरचे, आणि त्या काळात दोन तृतीयांश पगार. आई थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "आमच्या ऑफिसात एवढं कुणी लिहून देत नव्हतं." त्या दिवसानंतर रेल्वेचं पालुपद थोडं कमी झालं.

दुखापतीचं कलम मात्र तोकडं होतं. उपचार क्लब करेल, एवढंच. गुडघ्यातलं एसीएल नावाचं लिगामेंट तुटण्याचं प्रमाण बायकांमध्ये पुरुषांपेक्षा बरंच जास्त आहे, आणि सर्जरीनंतर मैदानावर यायला नऊ महिने तरी लागतात. तोवर पगाराचं काय, याबद्दल कागद मुका. आम्ही विचारलं, त्यांनी पुढच्या वर्षी बघू म्हणून सांगितलं. मामा म्हणाला, "पहिल्या वर्षी एवढं सोड. पण मागितलंय ते ईमेलमध्ये राहू दे." सही केली.

सही झाली म्हणजे सगळं झालं नाही. महासंघाच्या ऑनलाइन प्रणालीत नोंदणी झाल्याशिवाय मैदानात पाय ठेवता येत नाही. माझी आधीची नोंदणी कोल्हापुरातल्या क्लबकडून, म्हणजे महाराष्ट्राची. त्यामुळं दुसऱ्या राज्यात जायला ट्रान्स्फर लागली. जुन्या क्लबनं सोडलं असं कळवायचं, दोन्ही राज्य संघटनांनी मान्य करायचं. इथवर सरळ होतं. अडलं ते आधारवर. दहावीच्या दाखल्यावर आडनावाचं इंग्रजी स्पेलिंग एक, आधारवर दुसरं, एका अक्षराचा फरक. ट्रान्स्फरची खिडकी बंद व्हायला थोडेच दिवस उरलेले आणि मी आधार केंद्राच्या रांगेत. काम वेळेत झालं, पण त्या दिवसांत जेवण जात नव्हतं. ज्यांना पुढं जायचंय त्यांनी जन्मदाखला, दहावीचं सर्टिफिकेट, आधार आणि पासपोर्ट चारही एकदा शेजारी ठेवून अक्षर न अक्षर ताडून बघा. हे काम सुट्टीत करायचं असतं.

खेळाबद्दल आता थोडंच. सुरुवातीला मी बाकावर होते, मग शेजारची स्टॉपर जखमी झाली आणि जागा मिळाली, ती टिकली. २०२३-२४ मध्ये लीग होम-अवे झाली, म्हणजे एक मॅच आपल्या गावात आणि एक समोरच्यांच्या. त्यानं प्रवास खूप झाला, पण एकाच गावात महिनाभर कोंबून खेळवण्यापेक्षा ते कितीतरी बरं. ५ जुलै २०२५ ला चियांग माईत भारतानं थायलंडला २-१ नं हरवून महिला आशिया कपमध्ये जागा मिळवली. संगीता बासफोरच्या दोन गोलांचे व्हिडिओ सगळ्यांनी फॉरवर्ड केले. मी आणि त्या मणिपूरच्या मैत्रिणीनं दुसऱ्या गोलनंतरचा खेळ पुन्हा लावून पाहिला, आघाडी राखली कशी ते बघायला. मणिपूरच्याच आशालता देवी, भारतासाठी शंभर आंतरराष्ट्रीय सामने खेळणारी पहिली महिला, आमच्याच जागेवरची. हे गावात सांगितलं की लोक विचारतात, गोल किती?

यंदा करार नव्यानं झाला. जुना ईमेल कामाला आला. दुखापतीत करार संपेपर्यंत पूर्ण पगार, ही ओळ त्यांनी घातली. वाचताना मामाला बोनसचा तक्ता दिसला. प्रत्येक गोलला अमुक, असिस्टला (गोलच्या आधीच्या पासला) अमुक, आणि बचावाच्या खेळाडूंना शून्य. मी मॅनेजरना म्हटलं, ज्या मॅचमध्ये आपण गोल खाणार नाही त्या मॅचचाही बोनस ठेवा. ते हसले. दोन दिवसांनी सुधारलेला तक्ता आला. क्लीन शीटचा बोनस गोलच्या बोनसएवढाच, गोलकीपर धरून आम्हा पाच जणींत वाटून. मामाचं म्हणणं आहे की पाचांत वाटून नको, प्रत्येकीला वेगळा हवा. पुढच्या करारात ते मागणार आहे.