आयएसओ, बिन, क्यू: जुन्या गेमची डिस्क फाइलवरून इन्स्टॉल करताना

नव्या लॅपटॉपला डिस्क ड्राइव्ह नसतो, आणि कपाटातल्या वीस-पंचवीस वर्षं जुन्या सीडींनी तेवढेच पावसाळे खाल्लेले असतात. म्हणून बाहेरून जोडायचा यूएसबी ड्राइव्ह कुणाकडून तरी मागून आणायचा, एकेका डिस्कची इमेज (म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलमधली प्रत) काढून ठेवायची आणि पुढचं सगळं फाइलवरून करायचं. मूळ डिस्क रीतसर आपली असेल तर १९५७च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ स्वतःच्या वापरासाठी बॅकअप प्रत काढू देतं, तेव्हा त्याची धास्ती नको.

इमेज म्हणजे डिस्कची झेरॉक्स, असं सगळेच समजतात. झेरॉक्स खरीच, पण तिच्यात डिस्कवरचं किती उतरलं ते फॉरमॅटवर ठरतं. इन्स्टॉलच्या वेळी येणाऱ्या निम्म्या कटकटींचं मूळ तिथेच असतं.

सीडीचा एक सेक्टर २३५२ बाइटचा. डेटा सीडीत त्यातले २०४८ बाइट माहितीचे, बाकीचे सेक्टरचा पत्ता आणि चूक-दुरुस्तीच्या आकड्यांचे. आयएसओ आणि बिन हे इमेजचे दोन फॉरमॅट. आयएसओ फाइल फक्त ते २०४८ उचलते. बिन फाइल अख्खे २३५२ घेते, म्हणून काठोकाठ भरलेल्या ७०० एमबीच्या सीडीची बिन ८०० एमबीच्या पुढे जाते. फाइल बिघडलीय असं समजून ती पुन्हा पुन्हा काढत बसू नका. प्रॉपर्टीजमध्ये दिसणारा बाइटचा आकडा घ्यायचा आणि आयएसओ असेल तर २०४८ने, बिन असेल तर २३५२ने भागायचा. बाकी उरली की फाइल अर्धवट आहे. दोन मिनिटांचं काम आहे, पण पुढचा तासभर वाचतो.

गाण्याच्या ट्रॅकचा हिशोब निराळा. तिथे २३५२च्या २३५२ बाइट आवाजाचेच असतात, त्यामुळे आयएसओत त्यांना जागाच नाही. १९९६चा क्वेक हा गेम घ्या. पहिल्या ट्रॅकवर गेम आणि २ ते ११ या ट्रॅकांवर संगीत, साध्या ऑडिओ सीडीसारखं. या डिस्कची आयएसओ केली तर गेम इन्स्टॉल होतो, चालतो, बंदुकाही वाजतात, फक्त संगीत नाही. मग माणूस साउंड कार्डच्या ड्रायव्हरमागे लागतो. अशा डिस्कला बिन आणि क्यू ही जोडीच लागते.

क्यू ही बिनमध्ये कुठला ट्रॅक कुठे सुरू होतो ते सांगणारी साधी मजकुराची फाइल असते. नोटपॅडमध्ये उघडून बघा. पहिल्या ओळीत अवतरणात बिन फाइलचं नाव, खाली ‘ट्रॅक ०१ मोड१/२३५२’, त्याखाली ‘इंडेक्स ०१ ००:००:००’, मग ‘ट्रॅक ०२ ऑडिओ’, अशी उतरंड. सगळं अर्थात रोमन अक्षरांत. वेळेचे तीन आकडे म्हणजे मिनिटं, सेकंद आणि फ्रेम. एका सेकंदात ७५ फ्रेम, म्हणून शेवटचा आकडा ७४च्या वर कधीच जात नाही. बहुतेकांची गडबड पहिल्या ओळीत होते. बिन फाइलला छानसं नाव देतात, पण क्यूमधलं नाव जुनंच राहतं, आणि माउंट करताना (म्हणजे इमेज फाइल कम्प्युटरला खऱ्या डिस्कसारखी दाखवताना) ‘फाइल सापडत नाही’. नाव बदललंत तर दोन्हीकडे बदला. माउंट मात्र नेहमी क्यूच करायची, बिन नाही. आणि बिन फाइलच्या नावाचं शेपूट (टिंबानंतरचं एक्स्टेन्शन) खोडून आयएसओ लिहिल्याने ती आयएसओ होत नाही.

इमेज काढायला इमगबर्न हे सॉफ्टवेअर पुरतं. २०१३नंतर त्याची नवी आवृत्ती नाही, पण काम चोख. त्यात ‘रीड’ निवडायचं. एकच डेटा ट्रॅक असेल तर ते आयएसओ करतं, गाण्याचे ट्रॅक दिसले तर आपणहून बिन-क्यूकडे वळतं. ओरखडे असलेल्या सीडीसाठी वाचायचा वेग कमी ठेवा. डीव्हीडीची इमेज पेनड्राइव्हवर टाकताना ‘फाइल फार मोठी आहे’ असं आलं तर जागा कमी पडलेली नसते. पेनड्राइव्ह फॅट३२ या जुन्या फॉरमॅटमध्ये आहे आणि त्यात ४ जीबीची एक अखंड फाइल बसत नाही, एवढंच. पेनड्राइव्ह एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करा, आतलं आधी काढून घेऊन.

विंडोज ८पासून आयएसओ माउंट करायला वेगळं सॉफ्टवेअर लागत नाही. राइट-क्लिक, माउंट, की ‘धिस पीसी’मध्ये नवा ड्राइव्ह दिसतो. पण आपल्याकडच्या कम्प्युटरांवर विनरार (झिपसारख्या फाइल्स उघडायचं सॉफ्टवेअर) हमखास असतं आणि ते आयएसओवर हक्क सांगून बसतं. डबल-क्लिक केलं की आतल्या फाइल्सची यादी उघडते आणि लोक तिथूनच सेटअपवर क्लिक करतात. अशा वेळी सेटअप कुठल्यातरी तात्पुरत्या फोल्डरमधून चालतो, त्याला डिस्कचं नाव दिसत नाही, कधी शेजारच्या फाइल्सही सापडत नाहीत, आणि ३० टक्क्यांवर ‘डिस्क घाला’ म्हणून अडून बसतो. राइट-क्लिक करून ‘ओपन विथ’मधून विंडोज एक्सप्लोरर निवडलं की सुटलं.

कधी माउंट करताना ‘फाइल एनटीएफएस व्हॉल्यूमवर आहे आणि कॉम्प्रेस केलेली नाही याची खात्री करा’ असा संदेश येतो, आणि ड्राइव्ह तर एनटीएफएसच (विंडोजचा नेहमीचा फॉरमॅट) असतो. अशा वेळी फाइल बऱ्याचदा ‘स्पार्स’ असते, म्हणजे तिच्या रिकाम्या भागांना ड्राइव्हवर खरी जागा दिलेली नसते. काही डाउनलोडर जागा आधीच राखून ठेवताना तो शिक्का मारतात. फाइलची दुसऱ्या फोल्डरमध्ये कॉपी करा (मूव्ह नव्हे, कॉपी) आणि ती कॉपी माउंट करा. शिक्का कॉपीबरोबर येत नाही.

बिन-क्यू, एमडीएस-एमडीएफ, एनआरजी, सीसीडी हे इमेजचे प्रकार विंडोजला स्वतःहून कळत नाहीत. साध्या डेटा डिस्कसाठी विनसीडीइम्यू हे माउंट करायचं सॉफ्टवेअर छोटं आणि मोफत आहे. संगीताचे ट्रॅक हवे असतील तर डेमन टूल्स लाइट, पण ते टाकताना प्रत्येक पानावरच्या टिकमार्कांकडे लक्ष ठेवा, सोबत नको ती वरात येते. डॉसचा गेम असेल तर हे काहीच नको. डॉसबॉक्स या डॉसची नक्कल करणाऱ्या प्रोग्रामच्या इमगमाउंट कमांडला क्यू फाइलचा पत्ता दिला की संगीतही वाजतं.

आता सेटअप. आपोआप उघडणारा रंगीत मेन्यू नव्या विंडोजवर कधीकधी नुसताच काळा पडतो. ड्राइव्ह उघडून आतला सेटअप थेट चालवा. इन्स्टॉलची जागा ‘प्रोग्राम फाइल्स’ न ठेवता सी ड्राइव्हवर ‘गेम्स’ असं साधं फोल्डर करा. जुने गेम सेव्ह फाइल स्वतःच्याच फोल्डरमध्ये लिहितात, आणि प्रोग्राम फाइल्समध्ये विंडोज ते लिखाण गुपचूप भलतीकडे वळवतं. डिस्कवरचं डायरेक्टएक्स (गेमला चित्र-आवाजासाठी लागणारा विंडोजचा भाग) टाकायचा आग्रह झाला तर नाही म्हणा. ‘डी३डीएक्स९’ने सुरू होणारी फाइल नाही अशी तक्रार आली, तर जून २०१०चं डायरेक्टएक्स रनटाइम टाका.

दोन-तीन डिस्कच्या गेममध्ये सेटअप दुसरी डिस्क त्याच ड्राइव्ह लेटरवर शोधतो. पहिली ई वर आणि दुसरी एफ वर माउंट करून ठेवलीत तर तो ‘डिस्क २ घाला’ हेच घोकत राहणार. पहिली इजेक्ट करा, मग दुसरी माउंट करा, बहुतेक वेळा तेच लेटर मिळतं.

‘हे ॲप तुमच्या पीसीवर चालणार नाही’ असं आलं तर बहुधा सेटअप १६-बिटचा आहे. नव्वदीच्या मध्यावरचे बरेच गेम स्वतः ३२-बिट, पण त्यांचा इन्स्टॉलर १६-बिट, आणि ६४-बिट विंडोज १६-बिट काहीच चालवत नाही. इन्स्टॉलशील्ड नावाच्या इन्स्टॉलरच्या काही जुन्या आवृत्त्यांना विंडोज मागल्या दाराने स्वतःचं ३२-बिट इंजिन लावतं, बाकीच्यांसाठी व्हर्च्युअल मशीनमध्ये (कम्प्युटरच्या आत सॉफ्टवेअरने उभारलेल्या दुसऱ्या कम्प्युटरमध्ये) जुनी ३२-बिट विंडोज टाकायची.

इमेज नीट, माउंट नीट, इन्स्टॉल नीट, आणि तरी गेम ‘मूळ डिस्क घाला’ म्हणतो. ड्राइव्हच्या पहिल्याच पातळीवर ०००००००१.टीएमपी नावाची फाइल आहे का बघा. असेल तर ती सेफडिस्क, म्हणजे डिस्कची नक्कल रोखणारं कुलूप. या डिस्कवर मुद्दाम वाचता न येणारे सेक्टर ठेवलेले असतात. साध्या आयएसओत ते उतरत नाहीत, आणि इमेज काढताना ड्राइव्ह तासन्‌तास तिथेच दळत बसतो. शिवाय विंडोज १०ने सेफडिस्कचा ड्रायव्हरच काढून टाकला आणि सप्टेंबर २०१५च्या सुरक्षा अपडेटने विस्टा, ७ आणि ८वरही तो बंद केला. म्हणजे दुकानातून घेतलेली अस्सल डिस्क घातली तरी तेच. इथे इमेजशी झटापट करण्यात अर्थ नाही. गेमचा अधिकृत शेवटचा पॅच डिस्कची अट काढतो का ते आधी बघायचं, नाहीतर डिजिटल दुकानातली दुरुस्त आवृत्ती घ्यायची. कुठल्याशा साइटवरची, डिस्कशिवाय गेम चालवून देणारी ‘नो-सीडी’ फाइल मात्र नको, गेमच्या वेषात काहीही घरात येतं.

पॅचने काम होण्याचं उत्तम उदाहरण स्टारक्राफ्ट हा गेम. २००८च्या १.१५.२ पॅचनंतर डिस्क घालायची गरज उरली नाही. माउंट केलेल्या सीडीवरची इन्स्टॉल.ईएक्सई ही अगडबंब फाइल गेमच्या फोल्डरमध्ये कॉपी करायची आणि तिचं नाव स्टारक्राफ्ट.एमपीक्यू करायचं. ब्रूड वॉर या त्याच्या पुरवणीच्या सीडीवरच्या फाइलचं नाव ब्रूडवॉर.एमपीक्यू. एवढं करूनही बऱ्याचदा गेम डिस्क मागतोच, कारण विंडोज फाइलचं शेपूट लपवतं आणि आपण दिलेलं नाव प्रत्यक्षात स्टारक्राफ्ट.एमपीक्यू.ईएक्सई झालेलं असतं. एक्सप्लोररच्या व्ह्यू मेन्यूत ‘फाइल नेम एक्स्टेन्शन्स’वर टिक करा आणि मगच नाव बदला.

डिस्कवर नसलेली एक गोष्ट कुठल्याच इमेजमध्ये येत नाही: सीडी-की. ती डबीच्या मागच्या स्टिकरवर किंवा मॅन्युअलच्या कव्हरवर छापलेली असते. डबी रद्दीत जायच्या आधी ती टेक्स्ट फाइलमध्ये उतरवून इमेजशेजारीच ठेवा, आणि शून्य कुठलं, ओ कुठला, ते तेव्हाच नीट बघून लिहा.