कानाची साक्ष

भजनी बुवाच्या मयतीला गावचा रस्ता पुरला नव्हता. मोझरीला तुकडोजी महाराजांच्या पुण्यतिथीला दरसाल पायी जाणारा, खंजिरी घेऊन चार तालुके गाजवणारा माणूस. धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या, वादात कुऱ्हाडीनं मारला गेला. कलम 302 चा, खुनाचा खटला माझ्याकडे आला, मी अतिरिक्त सरकारी वकील.

साक्षी सुरू झाल्या आणि गाव मुकं झालं. पहिले दोघं फितूर. तिसरा बुवाचा पेटीवाला, वीस वर्षं त्याच्या मांडीला मांडी लावून बसलेला. "मी त्या राती गावात नोहतो," म्हणाला. पुरावा कायदा तेव्हा 1872 चाच होता. कलम 154 खाली न्यायालयाची परवानगी घेऊन मी माझ्याच या साक्षीदाराची उलटतपासणी केली, तो बधला नाही. माझा त्याच्यावरचा राग अजून गेलेला नाही.

चौथी साक्ष हरभऱ्याच्या जागलीवर झोपणाऱ्या आजीची. डुकरं हाकलायला ती रात्रभर वावरात असे. बुवा आरोपीचं नाव घेऊन "मारू नको रे" ओरडला, एवढंच तिनं सांगितलं. मरणाऱ्याचे असे शब्द तेव्हा कलम 32 खाली पुराव्यात येत. पण ते ऐकणारी एकटी हीच.

बचावाचे वकील उठले. "आजी, डोळ्यांत मोतीबिंदू आहे ना?"

"हाये."

"मग अंधारात काय दिसलं?"

"दिसलं म्हनून म्या कुठी सांगतलं? आयकलं."

"जिवाच्या आकांतानं ओरडणाऱ्याचा आवाज ओळखू येतो?"

"बापू, तीस वर्सं पहाटी त्याच्याच आवाजानं उठली मी. भजनात वरतं गेला का असाच फाटे तो. मी नाही ओयखनार त कोन ओयखनार?"

न्यायाधीशांनी लघुलेखकाला हे उत्तर तिच्याच शब्दांत घ्यायला लावलं. मी खाली कागदात पाहत राहिले. डोळे भरले होते.

युक्तिवादात मी कलम 134 वर भर दिला: कोणतीही गोष्ट शाबीत करायला साक्षीदार अमुकच इतके हवेत, असं कायदा म्हणत नाही. आरोपीनं काढून दिलेली कुऱ्हाड सोबत होतीच. जन्मठेप झाली.

साक्षीच्या दिवशी मात्र आजी साक्षीदार भत्त्याच्या कागदावर अंगठा उमटवून तशीच निघाली. चहा घ्या म्हटलं तर थांबेना. पाचची गाडी चुकली असती तर रात्री हरभरा डुकरांच्या तावडीत सापडला असता. फाटकाशी पेटीवाला उभा होता. त्यानं तिची पिशवी धरायला हात पुढं केला. तिनं ती दिली नाही.