गोठ्याचा कोपरा

रविवार

माहेरी जाऊन आले. सकाळपासून पावसानं उसंत दिली नव्हती, म्हणून चिखलाच्या तयारीनं जुन्या चपला घालून गेले. तर पाणंदीला पेव्हर ब्लॉक बसवलेत. आमची बैलगाडी दर पावसाळ्यात रुतायची ती जागा शोधत होते. तिथं एका अपार्टमेंटचं पार्किंग झालंय.

गावाचं नाव लिहीत नाही. पाचगाव, मोरेवाडी, कळंबा, उचगाव, सरनोबतवाडी, कुठलंही धरा. कोल्हापूरच्या कडंकडंनं सगळीकडं हेच चाललंय. कमानीवर फलक आहे, 'हद्दवाढीला तीव्र विरोध'. त्याला लागूनच दुसरा, 'शहरापासून फक्त दहा मिनिटांवर टू बीएचके'. दोन्हींच्या कोपऱ्यात शुभेच्छुक म्हणून एकच चेहरा. मला हसू आलं, पण त्या माणसाचं काही चुकतंय असं वाटलं नाही. जमिनीला शहराचा भाव पाहिजे आणि शहराचा घरफाळा नको. कुणाला पाहिजे असतो?

कोल्हापूरची नगरपालिका 1854 सालची. 1972 ला तिची महापालिका झाली. हद्द तेव्हा साधारण 67 चौरस किलोमीटर होती, आजही तेवढीच सांगतात. माणसं काही त्या रेषेपाशी थांबली नाहीत. हद्दवाढीचा प्रस्ताव, गावबंद, मोर्चा, पुन्हा प्रस्ताव असं मी शाळेत होते तेव्हापासून ऐकतेय. शेवटी 2017 ला मधला मार्ग म्हणून 42 गावांचं विकास प्राधिकरण काढलं. शहरवाले म्हणतात, केएमटीची बस आमची, दवाखाने आमचे, वापरता तर कर भरा. गाववाले म्हणतात, तुम्ही आमच्या रानावर आरक्षणं टाकाल आणि कचरा आमच्या माळावर आणून ओताल. दोघांचंही खोटं नाही, म्हणूनच भांडण मिटत नाही.

त्यात गंमत कसबा बावड्याची. महापालिकेच्या हद्दीत असून तिथं अजून ऊस उभा दिसतो, राजाराम कारखान्याचं धुराडं आहे. आणि आमच्या ग्रामपंचायतीत लिफ्ट आल्या. लाइट गेली की चौथ्या मजल्यावरची म्हातारी माणसं वरच अडकून पडतात.

सोमवार, रात्री

शाळेत आज जनगणनेचा विषय निघाला. 2021 ची राहिली ती आता 2027 ला होणार, म्हणजे मास्तर-बाईंच्या गळ्यात ड्यूटी आलीच. 2011 ला मी अशाच एका गावात घरोघर फिरले होते. तेव्हाचं एक आठवतं. दारात बाई उभी, हाताला शेण, मागं गोठ्यात दोन म्हशी. विचारलं, काम काय करता? तर ती म्हणाली, "काय न्हाई, घरातच असतो." आतून नवऱ्यानं दुजोरा दिला, "ती काय काम करत न्हाई, मी एमआयडीसीत हाय." आमच्या प्रशिक्षणात स्पष्ट सांगितलं होतं की दुधासाठी जनावर सांभाळणं हे काम धरायचं. मी तसं भरलं. नवऱ्याला ते पटलं नाही, फॉर्मकडं संशयानं बघत राहिला.

त्या वेळी एक गोष्ट कळली ती अजून डोक्यातून जात नाही. ग्रामपंचायत असूनही एखाद्या गावाला जनगणनेत शहर धरतात, त्याच्या तीन कसोट्या आहेत. लोकसंख्या निदान 5,000 पाहिजे. दर चौरस किलोमीटरला निदान 400 माणसं पाहिजेत. आणि कामकरी पुरुषांपैकी निदान 75 टक्के शेतीबाहेरच्या कामात पाहिजेत. पुरुषांपैकी. बाया काय करतात हे त्यात विचारतच नाहीत.

आमच्या गल्लीत फिरून बघा म्हणजे कळेल. दादा गोकुळ शिरगावला फौंड्रीत होता, आता स्वतःची गाडी चालवतो. शेजारचा तात्यांचा मुलगा शिरोलीला जातो, त्याच्या पलीकडचा कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत. पुरुषांच्या हिशेबानं गल्ली कधीच शहर झाली. त्याच घरांतल्या बाया मात्र पहाटे पाचला शेणघाण काढतात, धार काढतात, किटली घेऊन डेअरीत रांगेला उभ्या राहतात. फॅट लागली का, एसएनएफ किती, दहा दिवसांचं बिल कधी, ही त्यांची बोलणी. नवरा शहरात आणि बायको खेड्यात, आणि दोघं एकाच छपराखाली.

आईची एकच म्हैस राहिलीय. चार होत्या. म्हशी कमी झाल्या त्या आईचे गुडघे दुखतात म्हणून, असं दादा सांगतो. गुडघे दुखतात हे खरंच. पण खरी अडचण वैरणीची. पूर्वी बांधावरचं गवत कापलं की एका वेळची सोय व्हायची, आणि बांध कुणाचा हे कुणी विचारत नव्हतं. आता बांधच नाही, कंपाउंड आहे. साखर कारखान्याचा हंगाम असेपर्यंत उसाचं वाडं मिळतं, एरवी पेंढी विकत आणायची. दुधाचा पैसा वैरणीत जातो. तरी ती म्हैस विकत नाही. का, ते विचारलं तर म्हणते, "मग सकाळी उठून मी करू काय?"

समोरच्या इमारतीतल्या ताईंनी ग्रामपंचायतीत तक्रार दिलीय, शेणाचा वास येतो म्हणून. त्याच ताई रोज सकाळी आईकडून एक लिटर दूध नेतात. पिशवीतलं नको, मुलांना धारोष्ण पाहिजे. "मावशी, राग मानू नका हां," असं वर सांगूनही गेल्या. आईनं राग मानला नाही, मापही कमी केलं नाही. मी असते तर केलं असतं.

शेणाचं आणखी एक. कोल्हापुरात पंचगंगा स्मशानभूमीत अंत्यसंस्काराला पैसे पडत नाहीत आणि चितेला शेणी, म्हणजे गोवऱ्या, वापरतात. होळी जवळ आली की 'होळी लहान करा, शेणी दान करा' म्हणून मंडळं, तालमी, शाळा ट्रॉल्या भरभरून शेणी नेऊन देतात. आमची शाळाही देते. त्या शेणी कुठल्या? आमच्यासारख्या गावांतल्या बायांनी माळावर थापलेल्या. माळाचं प्लॉटिंग झालं, आता थापायच्या कुठं? शहराला वास नको आणि शेवटाला शेणी पाहिजेत.

बुधवार

मुद्द्याचं आज लिहिते. दादाचा फोन होता. ओढ्याकडचं राहिलेलं रान द्यायचं ठरतंय. अठरा गुंठे. बाबा होते तोवर जमीन एकरात मोजली जायची, आता गुंठ्यात. तेहतीस फूट लांब, तेहतीस फूट रुंद, 1,089 चौरस फूट. एवढ्यात एकाचं घर आणि दारात उभी राहील अशी मोटार बसली पाहिजे. अर्धा गुंठा घेणारेही आहेत. बाबांच्या वेळी एकराला जो भाव होता त्यात आज एक गुंठा मिळत नाही.

तिथंच आमचं गुऱ्हाळ होतं, चुलत्यांच्या भागीत. काहिलीत रस उकळायला लागला की मळी वर यावी म्हणून त्यात भेंडीचा रस घालायचे. गुळव्या कुणाशी बोलायचा नाही, फक्त उकळीकडं बघायचा. तीस किलोचे रवे शाहूपुरीच्या पेठेत जायचे. ते बंद पडलं ते प्लॉटिंगमुळं नव्हे. चुलवाणावर तापायला माणूस मिळेना आणि ऊस कारखान्याला घालणं सोपं झालं. 2014 ला कोल्हापुरी गुळाला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा आमच्या काहिलीत पावसाचं पाणी साठलं होतं.

दादा म्हणाला, "तू आणि ताई हक्कसोड करून द्या, म्हणजे पुढचं सोपं जातंय. वहिनीनं दोघींना पैठणी बघून ठेवलीया."

दादा वाईट माणूस नाही. बाबांच्या आजारपणात रात्र-रात्र तोच बसला. पोरगीच्या फीचं, गाडीच्या हप्त्याचं ओझं त्याच्यावर आहे. आणि शेती करून भागत नाही हे मला कुणी सांगायला नको. पण मुलीला वडिलोपार्जित जमिनीत बरोबरीचा वाटा महाराष्ट्रात 1994 पासून आहे, सगळ्या देशात 2005 पासून. जमीन एकरात होती तेव्हा कुणी आमच्या सह्या मागितल्या नाहीत, कारण आमचं नाव असलं काय नि नसलं काय, पिकायचं तेवढंच पिकत होतं. गुंठ्याला भाव आला आणि बहिणी आठवल्या. दुय्यम निबंधकाच्या कचेरीत कधीही जा, बाकड्यावर नव्या साड्यांतल्या बहिणी बसलेल्या दिसतात. कुणी हसत असते, कुणी नुसतीच बसलेली.

ताई सही करणार. "माहेरचं दार बंद व्हायला नको," म्हणाली. बेंदराला, दिवाळीला जायला एक जागा पाहिजे. तिचं ते म्हणणं मला कमी प्रतीचं वाटत नाही. सासरी काही बिनसलं तर ती जाणार कुठं?

आईला विचारलं. बाबा गेल्यावर वारस नोंदीत तिचं नाव सातबाऱ्यावर चढलं. साठीत आल्यावर, पहिल्यांदा. त्या दिवशी तिनं उतारा घडी करून देवाऱ्यात ठेवला होता. म्हणाली, "मला काय कळतंय त्यातलं? पोरं म्हणतील तिथं अंगठा देतो." थोड्या वेळानं पुन्हा तिचाच फोन. "म्हशीचं कसं करायचं म्हणत्यात, ते ईचार की दादाला." गोठा त्याच अठरा गुंठ्यांच्या कोपऱ्यात आहे. हे कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं, किंवा आलं असेल.

गुरुवार

महाराष्ट्रीय बेंदूर. माहेरच्या गल्लीत बैल एकही नाही. एकानं ट्रॅक्टरला झूल घालून मिरवला, पोरांनी हलगी लावली. अपार्टमेंटमधल्या लोकांनीही कुंभाराकडनं मातीचे बैल आणले म्हणे, पुरणपोळीही केली. आईनं म्हशीच्या शिंगांना रंग दिला. तिला कुणीतरी म्हणालं, बेंदूर बैलाचा असतोय. ती म्हणाली, "बैल न्हाई तर तिनं काय उपाशी राहायचं?"

शनिवार

आज शाळा सुटल्यावर पुन्हा गेले. वाटेत मागच्या वस्तीतली एक मावशी भेटली. लहानपणी आमच्या रानात भांगलणीला, तण काढायला यायची. तिच्या नावावर कधीच जमीन नव्हती, त्यामुळे भाव वाढला तेव्हा तिला काही मिळालं नाही. भांगलण बुडाली तेवढी. मी जरा हळहळून बोलायला लागले तर तिनं मला मधेच थांबवलं. ती आता चार फ्लॅटमध्ये धुणीभांडी करते, महिन्याला बांधलेला पगार आहे, धाकटी मुलगी बीसीएस करतेय.

"तुमच्या घरात मला चहा वळचणीला ठेवलेल्या फुलपात्रातनं मिळायचा," ती म्हणाली. "तिथं बी कप वेगळाच हाय. पण तो कामवालीचा कप हाय बाई, जातीचा न्हाई. उद्या मी न्हाई आलो तर दुसरीला त्योच."

मी काही बोलले नाही. ते फुलपात्र मला आठवत होतं, गोठ्याच्या वळचणीला पालथं घातलेलं. गाव मोडलं म्हणून गळा काढताना कुठलं गाव मोडलं हेही बघायला पाहिजे. पैऱ्यानं एकमेकांची रानं उरकायची, म्हाईच्या जत्रेला घरटी वर्गणी निघायची, कुणाच्या घरी मयत झालं तर गल्लीत चूल पेटायची नाही, ते सगळं होतं. आणि ते फुलपात्रही होतं. तिनं तिचा हिशेब केलाय आणि तिच्या हिशेबात शहर फायद्यात आहे. मला तो खोडता येत नाही.

एक गोष्ट मात्र दोन्ही हिशेबांत बसत नाही, ती म्हणजे ओढा. आमचं रान घेणारा माणूस ओढ्यात पाइप टाकून वर भराव घालणार म्हणतो. 2019 आणि 2021 ला पंचगंगेनं काय केलं ते पाहिलेल्या जिल्ह्यात ही बोलणी चालू आहेत. आमचं गाव उंचावर आहे, महापूर इथवर येत नाही, असं सगळे छातीठोक सांगतात. नदी येणार नाही, कबूल. माळावरचं पाणी तर खाली येणारच. पूर्वी ते रानात मुरायचं, आता काँक्रीटवरनं थेट येतं. मागच्या पावसात खालच्या गल्लीत गुडघाभर पाणी होतं आणि ग्रामपंचायत प्राधिकरणाकडं बोट दाखवत होती.

जेवणं झाल्यावर दादाला बाजूला घेतलं. म्हटलं, सही करते, पैठणी नको. पण गोठ्याचा कोपरा नि ओढ्याची पट्टी व्यवहारातून बाहेर काढायची आणि तेवढं आईच्या एकटीच्या नावानं करून द्यायचं. आधी ते, मग माझी सही.

दादा म्हणाला, रस्त्याकडची बाजू तीच आहे, घेणारा ती सोडणार नाही. भाव पडेल.

"पडू दे."

"तुला काय जातंय बोलायला, तुला पगार हाय."

हे त्याचं बरोबर आहे. मला पगार आहे, म्हणूनच मी अट घालू शकते. ताईला नाही, म्हणून ती घालू शकत नाही. मी तसं म्हणालेही. वहिनी भांडी आवरता आवरता ऐकत होती. ती एकदम म्हणाली, "वन्सं म्हणत्यात तसं करा की. उद्या म्या बी म्हातारी हुईन." दादानं तिच्याकडं असं बघितलं की जणू ती पहिल्यांदाच घरात बोलली.

सोमवारी तो तलाठ्याकडं नकाशा बघायला जाणार आहे. मी अर्ध्या दिवसाची रजा टाकलीय.