जिम्बोचो : पुस्तक शेवटच्या पानापासून उघडावं

टोकियोत जपानविषयीची जुनी पुस्तकं घ्यायची, तर जिम्बोचो. स्टेशनावर हानझोमोन, मिता आणि शिंजुकू असे तीन मेट्रो मार्ग येतात. ए-7 क्रमांकाच्या दारानं वर आलं की काही पावलांवर यासुकुनी-दोरी हा मोठा रस्ता. शंभराहून अधिक दुकानांपैकी बरीचशी याच रस्त्याच्या दक्षिण बाजूला ओळीनं उभी आहेत, उत्तरेकडे तोंड करून. त्याचं कारण ऊन. दुकान उत्तराभिमुख असलं की पुस्तकांवर थेट ऊन येत नाही आणि त्यांच्या पाठी विटत नाहीत. अप्पा बळवंत चौकात वाढलेल्या वाचकाला ही गल्ली परकी वाटत नाही. पण इथे प्रत्येक दुकानाचा विषय ठरलेला असतो. इतिहासाच्या दुकानात नाटकाची पुस्तकं शोधण्यात वेळ घालवू नये.

दुकानं साधारण दहा-अकराला उघडतात आणि संध्याकाळी सहाच्या सुमारास आवरतात. रविवारी बरीच बंद असतात, म्हणून शनिवार किंवा कामाचा दिवस धरावा. दुकानाबाहेरच्या गाड्यांवर शंभर येनपासून पुस्तकं असतात. पाऊस आला की या गाड्या आत जातात किंवा प्लॅस्टिकखाली झाकल्या जातात, त्यामुळे जूनमधल्या पावसाळ्यात निम्मी मजा जाते. ऑक्टोबरअखेरीस जुन्या पुस्तकांची जत्रा भरते, तेव्हा फुटपाथवरच कपाटं येतात.

ही वस्ती विद्यार्थ्यांमुळे झाली. मेइजी काळात (1868 ते 1912) कांदा या भागात, ज्यात जिम्बोचो येतं, कायद्याच्या शाळा निघाल्या. मेइजी, चुओ, सेन्शू, होसेई ही विद्यापीठं त्यांतूनच वाढली. वर्ष संपलं की पोरं पुस्तकं विकायची. 1913 मध्ये कांदाला मोठी आग लागली. त्याच वर्षी इवानामी शिगेओंनी इथे जुन्या पुस्तकांचं दुकान काढलं आणि लिहिलेल्या किमतीलाच विक्री करायची असं ठरवलं. त्या काळी जुन्या पुस्तकांत घासाघीस चालायची, म्हणून हे नवलाचं होतं. पुढच्या वर्षी त्यांनी नात्सुमे सोसेकींची 'कोकोरो' ही कादंबरी छापली आणि दुकानाचं प्रकाशनगृह झालं. आजही इथे भाव करत नाहीत. किंमत बहुधा शेवटच्या कोऱ्या पानावर पेन्सिलीनं लिहिलेली असते किंवा चिठ्ठीवर. रोख पैसे जवळ ठेवावेत, सगळीकडे कार्ड चालत नाही.

मी आधी जिम्बोचोच्या चौकाच्या पश्चिमेला जाते. तिथे कितासावा शोतेन आहे, 1902 पासूनचं, इंग्रजी पुस्तकांचं दुकान, आता वरच्या मजल्यावर. मग पूर्वेकडे वळायचं. इस्सेइदोच्या वरच्या मजल्यावर जपानविषयीची परभाषांतली पुस्तकं मिळतात. आणखी पुढे ओया शोबो, 1882 चं. एदो काळातली (मेइजीच्या आधीची, 1603 ते 1868) पुस्तकं, जुने नकाशे आणि लाकडी ठशांची चित्रं बघायला तिथे जावं.

आता मुख्य गोष्ट. कुठलंही पुस्तक हातात आलं की मुखपृष्ठ नंतर, आधी शेवटचं पान. जपानी पुस्तकात छपाईची सगळी माहिती शेवटी असते. त्या पानाला ओकुझुके म्हणतात. पुस्तक उभ्या ओळींचं असलं तर ते उजवीकडून डावीकडे वाचतात, म्हणजे आपल्या सवयीनं जे पहिलं पान वाटतं तिथेच ओकुझुके सापडतं.

साल बहुधा सम्राटाच्या कालखंडात दिलेलं असतं. हिशेब सोपा आहे: मेइजीच्या आकड्यात 1867 मिळवायचे, ताइशोत 1911, शोवात 1925, हेइसेईत 1988, रेइवात 2018. आकडेही ओळखता येतात. एक म्हणजे एक आडवी रेघ, दोन म्हणजे दोन, तीन म्हणजे तीन. दहा म्हणजे अधिकचं चिन्ह. 'शोवा' (昭和) या अक्षरांखाली तीन रेघा, मग अधिक, मग सात (七) दिसले की शोवा 37, म्हणजे 1962. त्याखाली दोन अक्षरं पाहावीत. 'हान' (版) म्हणजे आवृत्ती, मजकूर बदललेला असू शकतो. 'सात्सु' (刷) म्हणजे केवळ पुनर्मुद्रण. दुसरी हान, तिसरी सात्सु असं असेल तर मजकूर दुसऱ्या आवृत्तीचा.

जुन्या ओकुझुकेवर कधी पोस्टाच्या तिकिटाएवढा कागद चिकटवलेला आणि त्यावर शेंदरी शिक्का दिसतो. तो लेखकाचा. किती प्रती निघाल्या आणि किती मानधन देणं आहे, याचा हिशेब राहावा म्हणून प्रतीप्रतीवर तो उमटवत. युद्धानंतर ही पद्धत हळूहळू बंद झाली आणि जागेवर 'शिक्का वगळला' एवढंच छापलेलं राहिलं. हा चौकोन फाटला असेल तर मी तशीच दुसरी प्रत शोधते.

साल इतकं का बघायचं? कारण इंग्रजीतली जपानविषयीची पुस्तकं नव्या मुखपृष्ठात पुन्हापुन्हा निघतात. नितोबे इनाझोंचं 'बुशिदो' 1900 चं, अमेरिकेत बसून इंग्रजीत लिहिलेलं, पाश्चात्त्य वाचकाला जपान समजावण्यासाठी. सामुराईंचा इतिहास म्हणून ते घेतलं तर फसायला होतं. मेइजीतला सुशिक्षित ख्रिस्ती जपानी माणूस आपल्या देशाबद्दल काय सांगू पाहत होता, हे समजायला मात्र ते उत्तम. रूथ बेनेडिक्ट यांचं 'द क्रिसँथेमम अँड द सोर्ड' 1946 चं. त्या जपानला कधी गेल्याच नव्हत्या. युद्धकाळात अमेरिकी सरकारसाठी केलेल्या कामातून, अमेरिकेतल्या जपान्यांशी बोलून आणि छापील साहित्य वाचून ते उभं राहिलं. आजच्या जपानी माणसाला ते लावू नये. पराभवानंतरचा जपान समजून घ्यायला जॉन डॉवर यांचं 1999 चं 'एम्ब्रेसिंग डिफीट' घ्यावं. ते मी कुणालाही डोळे मिटून सुचवीन.

जॉर्ज सॅन्सम यांचा जपानचा इतिहास तीन खंडांत आहे: 1334 पर्यंत, 1615 पर्यंत आणि 1867 पर्यंत. सुटा खंड स्वस्त दिसला म्हणून उचलू नये, उरलेले दोन त्याच छपाईचे मिळवताना घाम फुटतो. हा नियम एदोकालीन पुस्तकांनाही लागू. तिथे खंड वरचा, मधला, खालचा असे असतात, आणि संचातून सुटलेल्याला हाहोन म्हणतात. हौसेखातर घ्यायला हाहोन छान, किंमत बरीच कमी.

या जुन्या पुस्तकांची पानं एका बाजूनं छापून मधोमध दुमडलेली असतात. घडी बाहेर, शिवण आत. दोन पानं चिकटली आहेत असं समजून काहीजण घडी चाकूनं कापतात. ती कापायची नसते, आतली बाजू कोरीच असते. वाळवीसारखी वळणं घेत गेलेली भोकं दिसली तर पानं हलक्या हातानं उलटावीत. अक्षरं खाल्ली गेली नसतील तर घ्यायला हरकत नाही.

आधुनिक पुस्तकांत चार गोष्टी तपासाव्यात: पुठ्ठ्याची पेटी, मुखपृष्ठावरची कागदी पट्टी, आतल्या पेन्सिलीच्या खुणा, आणि कागद. पराभवानंतरच्या टंचाईत निकृष्ट कागदावर छापलेली पुस्तकं तपकिरी होऊन कडेनं तुटतात. ती उघडतानाच आवाज करतात. विषय कितीही ओढ लावणारा असला तरी रोज वाचायची प्रत म्हणून ती घेऊ नयेत.

जपानी वाचता येत असेल, पुण्यात शिकून आलेल्या बऱ्याच जणांना येतं, तर शिन्शो घ्यावीत. खिशात मावणारी, एकेका विषयावर अभ्यासकांनी लिहिलेली, दोनेकशे पानांची. कांजींवर, म्हणजे चिनी चित्राक्षरांवर, उच्चार क्वचितच दिलेले असतात, म्हणून मधल्या पातळीच्या वाचकानं आधी अनुक्रमणिका वाचून पाहावी. ती अडखळत का होईना समजली, तर पुस्तक झेपेल.

कपाटातून पुस्तक काढताना वरच्या टोकाला बोट अडकवून ओढू नये, तिथेच पाठ फाटते. शेजारची दोन थोडी आत ढकलून मधलं दोन्ही बाजूंनी धरावं. पाठीवरची पिशवी पुढे घ्यावी, कारण वाट अरुंद आणि जमिनीवरही थप्प्या असतात. फोटोसाठी आधी विचारावं.

मुंबई-कोकणात आणल्यावर ही पुस्तकं भिंतीला चिकटून ठेवू नयेत. दमट हवेत पेटीबंद पुस्तकाला आत बुरशी येते, तेव्हा पावसाळ्यात पुस्तक पेटीबाहेर काढून ठेवावं. दुकानातून मिळालेलं पातळ पारदर्शक कागदाचं वेष्टण पिवळं पडलं की बदलावं, पण चिकटपट्टी फक्त वेष्टणालाच लावावी, पुठ्ठ्याला नाही.