‘कॅश ऑन डिमांड’ कागदावर: आतापर्यंतची मजल

जुन्या ब्रिटिश बी-पटांचे (मुख्य चित्रपटाला जोड म्हणून लावायच्या स्वस्तातल्या सिनेमांचे) सेट ग्राफ पेपरवर उतरवायच्या आपल्या उद्योगात सध्या ‘कॅश ऑन डिमांड’ (१९६१) घेतलाय. निर्मिती भयपटांसाठी गाजलेल्या हॅमर या ब्रिटिश कंपनीची, पण यात सुळे नाहीत की शवपेट्या नाहीत. छोट्या गावातली बँकेची शाखा, नाताळ दोन दिवसांवर आलेला, आणि पीटर कुशिंग विरुद्ध आंद्रे मोरेल. ज्यांनी पाहिला नसेल त्यांनीही बिनधास्त वाचा, शेवट फोडणार नाही.

तळमजल्याचा आराखडा जवळपास झालाय. तिजोरीकडचा भाग अर्धवट आहे. वेळेचा तक्ता निम्म्यावर आलाय.

आराखड्याला सगळ्यात जास्त मदत झाली ती श्रेयनामावलीची. नावं पडत असताना कॅमेरा रिकाम्या बँकेतून हिंडतो. दिग्दर्शक क्वेंटिन लॉरेन्सने जणू आपल्यासाठीच जागा फिरून दाखवलीय. रस्त्याकडचं दार, काउंटर, मागे कारकुनांच्या जागा, मॅनेजरची खोली, खाली तिजोरी. मापं काढायला मी कुशिंगलाच फूटपट्टी केलं. उंची सहा फुटांच्या आसपास, आणि हा माणूस मॅनेजर फोर्डाइसच्या भूमिकेत सतत ताठ उभा, त्यामुळे पॉज केलेल्या फ्रेमवर हिशेब बरा जमतो. कर्नल गोर हेपबर्न झालेला मोरेल त्या कामाचा नाही. तो दुसऱ्याच्या ऑफिसात स्वतःच्या दिवाणखान्यासारखा ऐसपैस बसतो.

कागदावर रेघा मारायला लागल्यावर एक गोष्ट चांगलीच ठसली. मॅनेजरच्या खोलीला दोन बाजू आहेत: एकीकडे दार, पलीकडे नोकरवर्ग; दुसरीकडे खिडकी, बाहेर रस्ता. विमा कंपनीचा तपासनीस म्हणून बँक लुटायला आलेला कर्नल धमकावतो ते याच दोन बाजूंच्या जोरावर. बायको-मुलगा आमच्या ताब्यात आहेत, बाहेरून आमची माणसं बघताहेत, आणि आतल्या कोणाला संशय येता कामा नये. म्हणजे फोर्डाइसला दाराकडे तोंड करून साहेबासारखं वागायचंय आणि खिडकीपाशी गुलामासारखं. तिसरी जागाच नाही. रहस्यनाटकाचा बॉक्स सेट (रंगमंचावरची तीन भिंतींची खोली) ज्यांनी विंगेतून पाहिलाय त्यांना ही दाराखिडक्यांची गणितं लगेच कळतील.

हे मुळात टीव्हीवरच्या नाटकावरून आलंय. जॅक गिलीजचं ‘द गोल्ड इनसाइड’ १९६० साली प्रसारित झालं. मोरेल आणि कारकून पिअरसन झालेला रिचर्ड व्हर्नन, दोघंही त्यात याच भूमिकांत होते. त्यामुळे मोरेलची सहजता मुरलेली वाटते. कुशिंग नव्याने आला, आणि दोघांतली ही तफावत माझ्या मते सिनेमाला फळली. दोन वर्षांपूर्वीच हॅमरच्या ‘द हाउंड ऑफ द बास्करव्हिल्स’मध्ये कुशिंग होम्स होता आणि मोरेल वॉटसन. इथे सगळी अक्कल वॉटसनकडे!

आता पैशाचं. सिनेमाचा खर्च सुमारे ३७,००० पौंड. हॅमरच्याच १९५८च्या ‘ड्रॅक्युला’ला सुमारे ८१,००० लागले होते. आणि गोष्टीत कर्नल पळवायला निघालाय ९३,००० पौंड! लुटीच्या रकमेत असे अडीच सिनेमे निघाले असते. ही काटकसर जागोजागी दिसते, पण केविलवाणी वाटत नाही. फोर्डाइसचं घर दाखवतच नाहीत. घराचं संकट फोनवरून येतं, आणि कुशिंगच्या चेहऱ्यावर आपण ते बघतो. एक सेट वाचला, वर भीती दुप्पट झाली. घर दाखवलं असतं तर माझ्या मते सिनेमा बसला असता.

वेळेचा तक्ता हे जास्त किचकट काम आहे. गोष्ट जवळजवळ सलग वेळेत घडते. म्हणून पडद्यावरचं घड्याळ आणि आपल्या हातातलं घड्याळ असे दोन रकाने आखलेत. पहिल्या भागात फोर्डाइस किरकोळ हिशेबावरून पिअरसनची नोकरी घालवायला निघतो. तिथे दोन्ही रकाने आरामात चालतात. तिजोरीच्या प्रसंगात मात्र पडद्यावरची मिनिटं ताणली जातात. नेमकी किती, ते पुढच्या नोंदीत.

इथे प्रतीचा घोळ लक्षात ठेवा. अमेरिकेत वितरक कोलंबियाने १९६१च्या अखेरीस लावला तो सुमारे ८० मिनिटांचा. ब्रिटनमध्ये तो १९६३मध्ये आला, तोही कापून, सुमारे ६६ मिनिटांचा. मुख्य चित्रपटाच्या आधी लावायच्या पुरवणी सिनेमाला तासाभराच्या आसपासची लांबी सोयीची पडायची. शिवाय कायद्याने थिएटरांना या पुरवणी कार्यक्रमातही २५ टक्के ब्रिटिश माल दाखवणं भाग होतं, त्यामुळे असल्या सिनेमांना गिऱ्हाईक ठरलेलं. पण ज्या गोष्टीचा जीव घड्याळात आहे तिच्यातून पाव तास काढून घ्यायचा म्हणजे कमालच. माझा तक्ता लांब प्रतीवरूनच आहे. तुम्ही छोटी प्रत बघत असाल तर आकडे जुळवत बसू नका.

पुढचं काम तिजोरीकडच्या जिन्याचं. पायऱ्या एका फ्रेममध्ये पूर्ण दिसत नाहीत, म्हणून दोन कोनांतून चित्रं काढून जोडतोय. ते बसलं की पुठ्ठ्याचं मॉडेल, १:५० मापाचं. छत बसवणार नाही, वरून आत बघता आलं पाहिजे.